टिपरी आणि फुटका नळ

३ जुलै १९८४

ती. आईस,
शि. सा. न. वि. वि.

पत्र हाताने लिहिलेलं पाहून तुला शंका आलीच असेल. ऑफिसचं मशीन आता माझ्या हाताशी नाही. विमा कंपनीतली टायपिस्टची नोकरी मी गेल्या सोमवारी सोडली. मला कोणी काढलं नाही. साहेब एवढंच म्हणाले, की जाण्याआधी निदान हातातलं पत्र पुरं कर. ते केलं. त्यात एकही चूक नाही, हे तुला सांगावंसं वाटलं.

मी एका बँडमध्ये ड्रम वाजवते. चार महिने झाले, पण तुझी दाढदुखी थांबेपर्यंत सांगायचं नाही असं ठरवलं होतं. मी राहते त्या खोलीच्या खाली जुन्या टायरांना नवं रबर चढवायचा कारखाना आहे. दर रविवारी तिथे तीन मुलगे सराव करतात. मी तक्रार करायला खाली गेले, की एवढा आवाज करायचाच तर निदान तिघांनी मिळून एकाच वेळी करा. त्यांचा ड्रमर लग्न करून सभ्य झाला होता. गाणारा म्हणाला, तुला इतकं कळतं तर तूच बस. बसले ती बसलेच.

बँडचं नाव 'फुटका नळ'. गाणारा कोकरू. स्टेजवर तो शर्ट फाडून किंचाळतो, पण एरवी दारसुद्धा आवाज न करता लावतो, म्हणून कोकरू. गिटारवर डॉक्टर, जो औषधाच्या दुकानात बाटल्यांवर चिठ्ठ्या चिकटवतो. बेस गिटारवर भिंत. तो बोलत नाही. आमच्या संगीताला पंक रॉक म्हणतात.

तुझ्या टायपिंग क्लासच्या चोवीस मशिनांच्या खडखडाटात मी झोपले, अभ्यास केला, गोवर काढला. तेव्हा मला आवाज आवडतो हा दोष माझ्या एकटीचा धरू नकोस.

मामाला तुझ्या पद्धतीने सांग. पत्र वाचून झाल्यावर जेवढा लोभ उरेल तेवढा कळव.

तुझी,
टिपरी


११ जुलै १९८४

चि. टिपरीस,
अ. उ. आ.

पत्र मिळाले. दोनदा वाचले. दुसऱ्यांदा शुद्धलेखनासाठी वाचले. चार चुका आहेत.

नोकरी पेन्शनची होती, हे मी लिहिणार नाही. तुझे वडील गेल्यावर मी हा क्लास कसा उभा केला, हेही लिहिणार नाही. मी ओरडणारही नाही. ओरडायला तुमच्याकडे माणूस आहे असे दिसते.

तुझा मामा ग्रंथालयातून निवृत्त होऊन माझ्याकडे राहायला आल्यापासून घरात कोणी शिंकले तरी त्याची व्युत्पत्ती काढतो. त्याने 'पंक' शब्द कोशात पाहिला. पंक म्हणजे चिखल, असे तिथे दिले आहे. रॉक म्हणजे खडक, हे मलाही येते. तेव्हा तू चिखलात खडक आपटतेस, अशी सध्या आमची समजूत आहे. शेजारच्या शिंपीणबाईंना मी तुझी दुसऱ्या शाखेत बदली झाल्याचे सांगितले. मला खोटे बोलता येत नाही आणि त्यांना ते लगेच कळते, त्यामुळे फार अवघड झाले.

गाण्यांचे शब्द पाठव. सभ्य नसतील तर मामाच्या नावाने पाठव.

मनगटे रोज कोमट पाण्यात धर. आशीर्वाद नेहमीचाच आहे. राग या पत्रापुरता. पुढच्या पत्रात दिसला, तर तो तू नव्याने कमावलेला असेल.

तुझी,
आई


२० नोव्हेंबर १९८४

ती. आईस,
शि. सा. न. वि. वि.

पहिला कार्यक्रम झाला. पाणी काढून टाकलेल्या पोहण्याच्या तलावात. आम्ही उथळ बाजूला, लोक खोल बाजूला. अकरा गाणी सतरा मिनिटांत संपली. तलावाचा रखवालदार म्हणाला की परवानगी तासाभराची काढली आहे आणि माझी ड्यूटीही तासाची आहे, आता मी काय करू? त्याच्यासाठी आम्ही सगळी गाणी पुन्हा वाजवली. या खेपेला चौदा मिनिटं लागली.

लोकांनी आमच्यावर बूट फेकले. डॉक्टर म्हणतो, आवडलं की फेकतात. मग फारच आवडलं असणार, कारण काही जण अनवाणी घरी गेले.

शब्द मागितलेस म्हणून एक अख्खं गाणं लिहिते: रांगेत उभा, रांगेत उभा, रांगेत उभा, खिडकी बंद. संपलं. कोकरू हे सव्वा मिनिट म्हणतो, आणि तेवढ्यात मला ऑफिसची तिन्ही वर्षं आठवतात.

एक काम आहे. मोठ्या ड्रमच्या पायपट्टीची स्प्रिंग तुटली. तुझं नऊ नंबरचं मशीन बंदच पडलंय, त्यातली एखादी निघेल का?

मामाला नमस्कार. चिखल सुकला की झाडून येईन म्हणावं.

तुझी,
टिपरी


६ फेब्रुवारी १९८६

चि. टिपरीस,
अ. उ. आ.

नऊ नंबरची स्प्रिंग अजून टिकली आहे हे वाचून समाधान वाटले. त्या मशीनने आयुष्यात एवढे काम कधी केले नव्हते.

तुमची कॅसेट मामाने आणली. काल क्लास सुटल्यावर आम्ही दोघांनी ती ऐकली. मामाला 'छत्री' हे गाणे फार आवडले. नंतर कळले की ते 'कात्री' आहे.

मी मोजत होते. चौथे गाणे तू मिनिटाला एकशे ऐंशी ठोक्यांनी सुरू करतेस आणि दोनशे दहावर संपवतेस. सातवे त्याहून वाईट. बाकीचे तिघे तुझ्यामागे बस सुटल्यासारखे धावतात. वेग आहे, अचूकता नाही. मी परीक्षक असते तर नापास केले असते.

तुझा डावा हात आळशी आहे. तो उजव्याची वाट पाहतो आणि मग त्याला गाठायला धावतो. तू नऊ वर्षांची असताना पहिल्या धड्यातही हेच करायचीस.

आवाज मात्र खणखणीत आहे. आशीर्वाद, दोन्ही हातांना सारखा.

तुझी,
आई


१७ फेब्रुवारी १९८६

ती. आईस,
शि. सा. न. वि. वि.

कॅसेट निघाली, या आनंदात मी आठवडाभर नीट जेवलेही नव्हते. तू तिच्यावर लाल शाई फिरवलीस. लोकांना आमचा वेगच आवडतो. तुझ्या क्लासात मी आता नाही, हे लक्षात असू दे.

लोभ तुझ्याकडेच ठेव, मोजून झाला की कळव.

टिपरी


२ डिसेंबर १९८६

ती. आईस,
शि. सा. न. वि. वि.

नऊ महिने पत्र लिहिलं नाही. तू मात्र दर महिन्याला लिहीत राहिलीस, तेही फक्त मामाच्या गुडघ्याबद्दल. आता तो गुडघा मला माझ्या गुडघ्यापेक्षा जास्त माहीत आहे.

आमची पहिली मोठी रेकॉर्ड निघणार आहे. स्टुडिओतल्या ध्वनिमुद्रकाने पहिल्या दिवशी दोन गाणी ऐकली, चष्मा काढला आणि म्हणाला की ही मुलगी धावते. त्याच्या ओळखीचा एक ड्रमर आहे, रेकॉर्डवर तो वाजवेल, फोटोत मी बसले तरी चालेल. डॉक्टर जमिनीकडे बघत होता. कोकरू रडला. भिंत उठला आणि म्हणाला, तिला महिना द्या. तीन वर्षांत त्याचं हे पहिलं वाक्य, त्यामुळे सगळे इतके दचकले की महिना मिळाला.

त्यातले सहा दिवस मी रडण्यात घालवले. चोवीस उरलेत. तुझं बरोबर होतं, हे लिहायला मला दोन कागद फाडावे लागले. आता काय करू ते सांग.

तुझी,
टिपरी


५ डिसेंबर १९८६

चि. टिपरीस,
अ. उ. आ.

रडण्याचे सहा दिवस जास्त झाले. मी तीन दिले असते.

पहिले दहा दिवस फक्त डावा हात. उजवा मांडीखाली दाबून बस. ड्रमवर नको, उशीवर वाजव, म्हणजे आवाजाच्या नादात चूक लपणार नाही. घड्याळाच्या एका टिकटिकीला एक ठोका, मग दोन, मग तीन. तीन जमल्याशिवाय चारला हात लावायचा नाही. कंटाळा येईल. कंटाळा आला म्हणजे बरोबर चालले आहे असे समज. अकराव्या दिवशी उजवा हात सोड, पण त्याला सांग की आता घाईने पुढे जायचे नाही.

सोबत धडा टाइप करून पाठवते आहे. या धड्यावर मी बोटे तुटलेल्या एका माणसाला कारकून केले आहे.

त्या भिंतीला माझा आशीर्वाद सांग. मुलगा कमी बोलतो, पण वेळेवर बोलतो.

तुझी,
आई


१४ मे १९९१

ती. आईस,
शि. सा. न. वि. वि.

रेकॉर्डवर माझंच वाजवणं राहिलं हे तुला चार वर्षांपूर्वी कळवलं, आणि तू उत्तरात सातव्या गाण्यातली एक चूक कळवलीस. तेव्हापासून आमच्या आणखी दोन रेकॉर्ड निघाल्या, तीन देश पाहून झाले, एका देशातून आम्हाला परतही पाठवलं. तू अजून एकाही कार्यक्रमाला आली नाहीस, पण मी आता त्यावर लिहिणार नाही.

बातमी वेगळी आहे. काल भिंतीने आणि मी लग्न केलं. कचेरीतल्या बाईंनी त्याला विचारलं तेव्हा तो हो म्हणाला. डॉक्टर म्हणतो की आवाज चांगला आहे, याला गायला घ्यायला हवं होतं.

रागावू नकोस. आम्ही पुढच्या आठवड्यात येतो आहोत. त्याला प्रश्न विचारलेस तर मान हलवण्याइतपत वेळ दे.

तुम्हा दोघांना भेटायला आतुर,
टिपरी


९ ऑक्टोबर १९९८

चि. टिपरीस व चि. भिंतीस,
अ. उ. आ.

क्लास बंद केला. शेवटी तीन विद्यार्थी उरले होते, आणि त्यांपैकी एक पावसापासून आडोशाला येत असे. सगळीकडे संगणक आले आहेत. चोवीसपैकी बावीस मशिने भंगारात गेली. एकावर हे पत्र लिहिते आहे. एक मामाने मागून घेतले, कशासाठी ते तो सांगत नाही.

घर फार मोठे वाटते. काळजी करू नका. दाराशी येऊन उभे राहू नका, मला रडायला आवडत नाही आणि भिंतीला बघायला आवडणार नाही. कार्यक्रम वेळेवर करा.

तुमची,
आई


२२ ऑगस्ट २००८

ती. आईंना,
शि. सा. न. वि. वि.

आपण मला 'फुटका नळ'चा कोकरू म्हणून ओळखता. दिवसा मी बालवाडीत शिकवतो. परवानगीशिवाय लिहितो आहे, याबद्दल आधीच क्षमा मागतो.

टिपरीच्या उजव्या मनगटाची शस्त्रक्रिया होऊन चार महिने झाले. सर्जन म्हणतात, हात बरा आहे, वाजवायला लागा. ती लागत नाही. ड्रमवर चादर टाकली आहे आणि चादरीवर कपड्यांची टोपली. विचारलं तर म्हणते, सेहेचाळीस वर्षांची बाई आता आपटत बसली तर शोभत नाही. आम्ही चोवीस वर्षं न शोभणारंच करतो आहोत, म्हणून हे कारण खरं वाटत नाही. ती घाबरली आहे. हात पूर्वीसारखा चालला नाही तर, ही भीती. भिंत जिन्यात बसून राहतो. तो लिहिणार नाही, म्हणून मी लिहिलं.

दुसऱ्या ड्रमरचं नाव डॉक्टरने एकदा काढलं. मी त्याच्याशी तीन दिवस बोललो नाही.

आपण एकदा याल का? आपला लोभ आम्हा चौघांवर आहे, असं धरूनच चाललो आहे.

आपला नम्र,
कोकरू


३० ऑक्टोबर २००८

चि. टिपरीस,
अ. उ. आ.

घरी सुखरूप पोचले. काल कार्यक्रमानंतर तुझ्याशी बोलायचे राहून गेले, कारण माझ्या कानात कापूस होता आणि तुझ्याभोवती अंगठ्या टोचलेली माणसे होती. शिवाय समोर बोलताना माझी वाक्ये नीट होत नाहीत.

आधी एक खुलासा. तुझ्याकडे आल्यावर मी टोपली आणि चादर काढून ड्रमपाशी बसले, आणि रोज दोन तास वाजवले, ते तुला चिडवण्यासाठी मुद्दाम वाईट वाजवले, असे कोकरू सगळ्यांना सांगत फिरतो. ते खरे नाही. मला खरोखर शिकायचे होते. मी मनापासून वाजवत होते. पाचव्या दिवशी तू धावत येऊन माझ्या हातातून काठ्या ओढून घेतल्यास आणि असे नाही, असे, म्हणून बसलीस, तेव्हा मला थोडे वाईटच वाटले. पण मग तू उठलीच नाहीस, आणि जिन्यातून भिंत वर आला. माझा चहा गार होईपर्यंत तुम्ही वाजवत होता, तेव्हा मी माझे शिक्षण सोडून दिले.

आता कालचे. पुढे लोक उड्या मारतात म्हणून भिंतीने मला स्टेजवर तुझ्या मागे खुर्ची दिली. चौथ्या गाण्यात वीज गेली. गिटार मुकी झाली, कोकरूचा नुसता जबडा हलताना दिसला. मला वाटले, आता तू थांबशील. हात दुखतो म्हणायला याहून चांगली संधी नव्हती. तू मागे वळून पाहिले नाहीस. वरच्या खिडक्यांतून दुपारचे ऊन येत होते, आणि त्या हॉलमध्ये फक्त तुझे ड्रम वाजत होते. कोकरू स्टेजच्या कडेला बसून ऐकू लागला. वायरमन शिडी घेऊन आला आणि शिडी धरूनच उभा राहिला. वीज यायला सहा मिनिटे लागली, असे डॉक्टर नंतर म्हणाला. मला विचारू नकोस, मी मोजत नव्हते.

मी पस्तीस वर्षांत दीड-दोन हजार मुलामुलींना शिकवले. परीक्षा झाली की ते जात. कोणी कचेरीत गेले, कोणी कोर्टात, कोणी परदेशात. पत्रे येत, पेढ्या-कारखान्यांतून फोन येत. पण त्यांच्यापैकी एकालाही मी कधी कामावर बसलेले पाहिले नव्हते. कालच पहिल्यांदा पाहिले. पाठीमागून पाहिले. तुझे खांदे सैल होते, आणि मान ताठ होती. शिकवताना आम्ही हेच सांगतो आणि कोणी ऐकत नाही.

चोवीस वर्षे मी का आले नाही, हे तू विचारले नाहीस. मी उत्तर तयार ठेवले होते. खरे उत्तर असे, की तू बोलवायचीस ती मला गंमत वाटे, आणि नंतर गंमत नाही हे कळले तेव्हा इतक्या उशिरा यायची लाज वाटू लागली.

पुढच्या कार्यक्रमाची तारीख कळव. पुढची जागा नको. ती मागची खुर्ची तेवढी ठेवायला सांग. तिथून सगळे दिसते.

आशीर्वाद आहेच, आणि या खेपेस थोडा नमस्कारही.

तुझी,
आई