पाटीवरचे किलोमीटर

प्रिय धाकटे,

परवा पेपरात तुझा फोटो पुन्हा आला. काळा कोट, हातात फायलींचा गठ्ठा आणि चेहऱ्यावर तुझा तो ठेवणीतला साधेपणा. बाबांनी माझी कापडाची कात्री घेऊन तो कापला आणि कपाटाच्या दाराला आतून चिकटवला. तिथे आता तुझे सात फोटो झालेत. रोज सकाळी कपडे काढताना मला आधी तुझं दर्शन घ्यावं लागतं. सरळच सांगते, माझ्या पोटात दुखतं. आजचं नाही, फार जुनं दुखणं आहे.

बाबांचे गुडघे तसेच आहेत. त्यांच्या पायात मोजे चढवून मी कामावर जाते. परत आले की दारातच विचारतात, धाकटीच्या केसची तारीख कधी आहे? ज्या महामार्गासाठी तू कोर्टात गेलीस, त्याच महामार्गाच्या कार्यालयात मी बारा वर्षं कनिष्ठ अभियंता आहे, हे त्यांच्या गावीही नसतं. आई आजारी पडली तेव्हा तू शिकायला गेलीस आणि मी घरी राहिले. खरं तर मला कुणी राहा म्हटलं नव्हतं. मीच राहिले, आणि तेव्हापासून उठताबसता ते तुला ऐकवत आले.

कोर्टाने तुझ्या याचिकेवर हुकूम दिला, की रस्ता चार वर्षं रखडला आहे, तेव्हा दर महिन्याला अहवाल द्या आणि प्रत्येक किलोमीटरचा फोटो जोडा. तो अहवाल कार्यालयात मीच करते, हे तुला ठाऊक नव्हतं. आमची पद्धत अशी, की रस्त्याच्या कडेला एक काळी पाटी उभी करायची, तिच्यावर खडूने किलोमीटरचा आकडा आणि तारीख लिहायची आणि पाटीसकट फोटो काढायचा. पाटीवर जे लिहिलं ते कोर्टात खरं. तिथे येऊन बघायला कुणाला वेळ आहे?

एकतीस ते अडतीस या पट्ट्यात काम बंदच होतं. कंत्राटदार यंत्रं घेऊन कधीच निघून गेला, मागे खडीचे ढीग आणि एक मोडकी टाकी. साहेब डोकं धरून बसले होते. आता इथे, साहेबांनी दमदाटी केली म्हणून, असं लिहिलं तर मला फार सोपं जाईल. पण कल्पना माझी होती. चोविसावा किलोमीटर गुळगुळीत होऊन पडला होता. मी तिथेच पाटी उभी केली, एकतीस लिहिलं, फोटो काढला. पुसलं, बत्तीस लिहिलं, चार पावलं पुढे जाऊन पुन्हा काढला. अडतीसपर्यंत पोहोचायला मला अर्धा तासही लागला नाही. असं तीन महिने केलं.

मागच्या तारखेला मी शेवटच्या बाकावर होते, आमच्या वकिलांच्या फायली सांभाळत. लग्नानंतर तुझं आडनाव बदललं, त्यामुळे आपण बहिणी हे तिथे कुणाच्या ध्यानीमनी नाही. न्यायाधीशांनी माझे फोटो वर धरले आणि तुला विचारलं, की रस्ता तर डोळ्यांसमोर आहे, मग तुमची तक्रार नेमकी काय? तू कागद चाळायला लागलीस. तुझे कान लाल झाले, लहानपणी पाढा अडला की व्हायचे तसे. धाकटे, मला बरं वाटलं. त्या दिवशी घरी येऊन मी पोटभर जेवले आणि छान झोपले.

मग गेल्या रविवारी अहवालाची प्रत टेबलावर राहिली आणि ती बाबांच्या हाती लागली. तीस वर्षं रस्त्यावर मुकादमी केलेला माणूस तो. भिंग लावून बराच वेळ बघत बसले. चोविसाव्या किलोमीटरच्या मोरीचा कठडा त्यांच्याच गँगने बांधलेला, आणि तो आठही फोटोंत होता. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं, आता ओरडतील. ते इतकंच म्हणाले, की हे धाकटीच्या लक्षात कसं आलं नाही? माझी चोरी पकडतानाही त्यांना तूच आठवलीस! अंगाचा तिळपापड झाला माझ्या. मग मी न्हाणीघरात जाऊन रडले.

आता मुद्द्याचं. सोमवारी कोर्ट ही देखरेख संपवणार आहे, माझ्या अहवालाच्या भरवशावर. एकदा ती संपली की एकतीस ते अडतीस कुणी करणार नाही, हे कार्यालयात शिपायालाही ठाऊक आहे. म्हणून काल मी खऱ्या जागी पाटी लावून आठ फोटो काढले आणि माझ्या शपथपत्रासकट कोर्टाच्या कार्यालयात देऊन आले. नोकरी जाईल, कदाचित त्याहून जास्त काही होईल. पण पत्र त्यासाठी नाही. शपथपत्रात मला आपलं नातं लिहावं लागलं. खोटे फोटो काढणारी तुझी सख्खी बहीण निघाली, म्हणजे ही केस तुझ्या हातात राहणार नाही. लोक म्हणतील, दोघी मिळालेल्या होत्या. तेव्हा सोमवारची वाट बघू नकोस. उद्याच तुझ्या मोठ्या वकिलांना सगळं सांग आणि स्वतःहून बाजूला हो, म्हणजे तू लपवलंस असं कुणाला म्हणता येणार नाही. रस्ता होईल, पण जिंकेल दुसरंच कुणीतरी. आणि धाकटे, सही करताना हे माझ्या लक्षात आलं, तेव्हा क्षणभर मला आनंद झाला. शपथपत्रात मी सगळं खरं लिहिलं आहे, फक्त हे तिथे लिहिलेलं नाही.

तुझीच, तुला नको असले तरी,
ताई