सिगडीवरचा खिमा

प्रिय प्रमिला,

रंजू अंगणात खाटेवर उन्हात झोपली आहे. मी तिच्या उशाशी पाटावर बसून हे लिहितो आहे, आणि दर दोन ओळींनंतर मान वर करून पाहतो आहे, तिची छाती वर-खाली होते की नाही. होते. तरी पुन्हा पाहतो.

तू गेलीस त्यावर पावसाळा उलटला, थंडी पडली. तुझ्या पुण्यानुमोदनाला सगळे तुझ्याबद्दल बोलले, मी एक शब्द बोललो नाही. आज लिहायला बसलो, कारण गेल्या रविवारी आपल्या या इंदोऱ्याच्या खोलीत काय होता होता राहिलं, ते तुला सांगितल्याशिवाय मला अन्न गोड लागणार नाही. जिवंत माणसांसमोर ते सगळं पुन्हा बोलायची माझी हिंमत नाही. तुझ्यासमोर आहे.

तुला माहीत आहे, खापरखेड्याच्या पावर हाउसमध्ये मी रोज बॉयलरसमोर उभा राहतो. आतली आग पाहून नवीन माणूस दोन पावलं मागं सरतो. मी कधी भ्यालो नाही. भीत होतीस तू. ड्यूटीची बस यायला जरा उशीर झाला की कोपऱ्यावर येऊन उभी राहायचीस, आणि मी उतरलो की 'मी तर दळण टाकाले आली होती' म्हणायचीस. हातात डबासुद्धा नसायचा! तुझी ती सगळी भीती जाताना मलाच देऊन गेलीस का वं?

रंजू शिंकली तरी मी हातातलं काम टाकून तिच्या कपाळाला हात लावतो. ती फुटाणे खात असली की मी तिच्या गळ्याकडे पाहत राहतो. काविळीनं तुला नेलं, म्हणून रोज सकाळी मी तिला दारात उजेडाला उभी करतो आणि पापणी खाली ओढून डोळे पाहतो. आता तीच मला पाहून आधी सांगते, "बाबा, पिवळे नाही आहेत." सहा वर्षांच्या पोरीनं बापाची समजूत काढायची का?

मी ड्यूटीवर असलो की ती शेजारच्या गिरजाबाईंकडे असते. गिरजाबाई जीव लावतात, पण त्यांचंही वय झालं. म्हणून रविवारी तुझी आई, माझ्या मामी, कन्हानहून आल्या तेव्हा मला समजलं, त्या कशासाठी आल्या ते. त्यांनी पाणीसुद्धा नंतर घेतलं, आधी रंजूच्या केसांतून हात फिरवला. मी घातलेली वेणी त्यांनी सोडली, पुन्हा घातली, आणि मग माझ्याकडे न पाहता म्हणाल्या, "जवाईबापू, पोट्टीले मी घेऊन जातो. तुमच्याच्यानं नाही होत हे."

माझ्याच्यानं होत नाही हे मलाही रोज वाटतच होतं. मी एवढंच म्हणालो, आज जेवून घ्या, उद्या बोलू. आणि त्यांना दिसावं की या घरात नीट शिजतं, नीट जेवतात, म्हणून मी रंजूला विचारलं, काय करू? तिनं क्षणभरही विचार केला नाही. "तिखटाचा केक."

तूच तिला ते नाव शिकवलंस. लग्नाआधी मिशनच्या दवाखान्यात आया होतीस, तिथल्या सिस्टरबाई ओव्हनमध्ये जव आणि खिमा भाजून करायच्या, ते तू पाहून आलीस, आणि आपल्या घरी जव नाही, ओव्हन नाही, तर गव्हावर आणि सिगडीवर उतरवलंस. पहिल्यांदा केलंस तेव्हा मी हसलो होतो. दुसऱ्यांदा वाढून घेतलं तेव्हा तू हसलीस. पण मला कधी जवळ येऊ दिलंस का? माणसानं चुलीत लक्ष घातलं की मीठ दोनदा पडते, असं म्हणून हाकलायचीस. एकदा तरी शिकवायचं होतंस. तुला कुठं ठाऊक होतं म्हणा.

पण रंजूनं सगळं पाहून ठेवलं होतं. ती ओट्यावर बसून सांगत होती, मी करत होतो. गहू मी सकाळीच गरम पाण्यात भिजवले होते. ते खलबत्त्यात अर्धेमुर्धे ठेचून मऊ शिजवले. खिम्यात कांदा, लसूण, सुंठ, खसखस, काळा मसाला. कांदा आणखी लाल होऊ दे, आई घाई नव्हती करत, असं तिनं मला दोनदा थांबवलं. मामी दाराशी बसून लसूण सोलत होत्या. कान आमच्याकडे होता. मग जाड बुडाच्या गंजात गव्हाचा थर, खिम्याचा थर, पुन्हा गहू, वरून फेटलेलं अंडं आणि तूप. झाकणावर निखारे, खाली मंद सिगडी. सगळं मी बाहेर, अंगणात छपरीखाली मांडलं. तू तिथंच मांडायचीस. काहून, ते तू कधी सांगितलं नाहीस आणि मी कधी विचारलं नाही.

तेवढ्यात नळाला पाणी आलं. घरात थेंब नव्हता, म्हणून मी दोन्ही बकेट घेऊन गेलो. रांग मोठी होती. थंडीतला तो अवेळी पाऊस सुरू झाला, बारीक, वाऱ्यासोबत. रांगेत उभा राहून मला बरं वाटत होतं, प्रमिला. खरं सांगतो, तू गेल्यापासून पहिल्यांदा. वाटलं, मामी जेवतील, रंजू दोनदा घेईल, आणि मग मी हिंमत करून म्हणेन की तिला राहू द्या.

पाणी घेऊन गल्लीत वळलो तर वास आला. अगदी तुझ्या हातचा वास! पण छपरीखाली सिगडी नव्हती आणि दार बंद होतं.

मला वाटलं, पावसामुळं आत घेतली असेल. दार ढकललं तर आतून कडी. मी हाक मारली. उत्तर नाही. दोघींना झोप लागली असेल असंही मनात आलं. पुन्हा कडी वाजवली, आणि आतून रंजूचा आवाज आला, खूप लांबून यावा तसा.

"बाबा, डोकं दुखते."

मी म्हटलं, कडी काढ. ती काही बोलली नाही. मी पुन्हा म्हटलं. काहीच नाही.

तेव्हा मला समजलं. पावर हाउसमध्ये आम्हाला पहिल्याच आठवड्यात शिकवतात की कोळशाचा एक वायू असतो, त्याला वास नाही, रंग नाही, धूर दिसत नाही. माणसाला नुसती सुस्ती येते. डोकं दुखतं, झोप येते, आणि झोपलेला माणूस उठत नाही. मी इतकी वर्षं त्या वायूच्या सोबतीनं नोकरी केली, आणि तो माझ्या घरात, माझ्या पोरीच्या खाटेपाशी येऊन बसला होता! बकेट माझ्या हातातून कधी सुटल्या, मला ठाऊक नाही. मी खांद्यानं दाराला धडक मारली. दार हललं नाही. पुन्हा मारली. तिसऱ्यांदा मारली तेव्हा मी ओरडत होतो, असं गिरजाबाई सांगतात. मला माझा आवाज ऐकू आला नाही. कडीचा कोयंडा उखडून दार आत गेलं.

मामी भिंतीला टेकून बसल्या होत्या. डोळे उघडे, पण मला पाहून उठल्या नाहीत. रंजू दारापासून हातभर अंतरावर जमिनीवर पडली होती. कडी काढायला आली होती, प्रमिला. येऊन पडली. गाल लाल होते, ताप चढल्यावर होतात तसे, आणि अंग असं मऊ की उचलताना मान मागं गेली. तू गेलीस त्या दिवशी तुझी मान माझ्या हातावर अशीच मागं गेली होती. मी श्वास रोखून तिला बाहेर नेलं, पावसात खाली ठेवलं, पुन्हा आत जाऊन मामींना काखेत धरून ओढलं. गिरजाबाईंनी खिडकी उघडली, रिक्षा आणली. मी रंजूच्या कानाशी हाका मारत होतो आणि ती ओ देत नव्हती.

मोठ्या दवाखान्यात तिच्या नाकाला ऑक्सिजनची नळी लावली. तिथं बसून मी तुझ्याशी काय-काय बोललो ते लिहीत नाही. मी भांडलो तुझ्याशी. म्हटलं, तू एकटी गेलीस ते ठीक, हिला बोलावू नको. मी हात जोडले. तू ऐकलंस की डॉक्टरांनी ऐकलं, मला माहीत नाही. अंधार पडायच्या आधी तिनं डोळे उघडले, उलटी केली, आणि मला पाहून म्हणाली, "तू काहून रडून राहिला?"

मामी तिच्याआधीच शुद्धीवर आल्या होत्या. बाजूच्या खाटेवर बसून एकच गोष्ट पुन्हा-पुन्हा सांगत होत्या. पाऊस आला, निखारे विझतील म्हणून सिगडी आत घेतली. रंजूला खोकला आला म्हणून खिडकी लावली. वाऱ्यानं दार आपटत होतं म्हणून कडी घातली. कन्हानला त्यांनी जन्मभर थंडीत सिगडी घरातच ठेवली, कधी काही झालं नाही. पण ते कौलांचं घर, प्रमिला. कौलांच्या फटींतून सगळं निघून जातं. आपली खोली स्लॅबची. त्यांना कोण सांगणार होतं? मला त्यांचा रागच आला नाही. भीती एवढी मोठी होती की तिच्या बाजूला रागाला जागाच नव्हती.

घरी आलो तेव्हा मीच म्हणालो, मामी, तिला घेऊन जा. माझ्याजवळ ती वाचणार नाही.

त्यांनी रंजूच्या अंगावरची गोधडी नीट ओढली. मग म्हणाल्या, "कुठं नेऊ? मले तर झोप येऊन राहिली होती म्हणून मी बसून राहिली. रंजू म्हणे डोकं दुखते, तर मी म्हटलं निज. तुम्ही दार मोडलं, बापू. कन्हानले असती तर दार कोण मोडलं असतं?"

आणि पुढं जे म्हणाल्या ते मी अजून मनात फिरवतो आहे. "मीच येऊन राहतो इथं. चालते का तुम्हाले?"

चालतं का म्हणजे! मी लगेच मान हलवली. आज सकाळी त्या आपली लुगडी-भांडी आणायला कन्हानला गेल्या आहेत. संध्याकाळी परत येतील.

जाण्याआधी त्यांनी एक काम करवून घेतलं. रविवारचा तो खिमा तर बुडाला जळून कोळसा झाला होता, मी गंजासकट फेकणार होतो. मी ठरवलं होतं, हा पदार्थ या घरात पुन्हा नाही. पण रंजू काल विचारत होती, केक कधी? मामी म्हणाल्या, आज नाही केलं तर ही पोट्टी जन्मभर सिगडीले भीन, आणि तुम्ही तिच्यापेक्षा जास्त. म्हणून आज सकाळी अंगणाच्या मधोमध, उघड्या आभाळाखाली, सिगडी पेटवली. मी काडी ओढायचो आणि सिगडीपर्यंत नेण्याआधीच फुंकून विझवायचो. शेवटी मामींनी काडी ओढली. खिमा होईपर्यंत मी रंजूला माझ्या पलीकडे, वाऱ्याच्या बाजूनं बसवून ठेवली आणि एकदाही जागचा उठलो नाही.

तिनं खाल्लं. चांगलं पोटभर खाल्लं. मग बोटं चाटत म्हणाली, "आईसारखा नाही झाला." मामी डोळे पुसत हसल्या. मी पण हसलो असेन. नाहीच झाला तुझ्यासारखा, आणि होणारही नाही.

तुला वाटेल, आता माझी भीती गेली. गेली नाही, प्रमिला. हे लिहिताना मी किती वेळा खाटेकडे पाहिलं! ती कूस बदलते तर मला धस्स होतं, बदलत नाही तर जास्त होतं. उद्या तिला ताप येईल, परवा ती शाळेचा रस्ता एकटी ओलांडेल, पुढं कधीतरी सासरी जाईल. मी प्रत्येक वेळी भिईन. एवढंच समजलं आहे की ही भीती जायची नाही, आणि ती आहे म्हणून पोरीला दुसऱ्याच्या पदरात टाकायचं नाही. भीत-भीतच दार मोडता येतं.

म्हणून तुला वचन देतो. मी भीत राहीन, पण तिला कुठं धाडणार नाही. तिच्यापासून माझी भीती लपवणारही नाही. विचारेल तेव्हा खरं सांगेन, की बाबा भितो. तू तिकडं निवांत राहा. इकडची राखण आता माझी.

ती जागी झाली. पाणी मागते आहे. उठतो.

रंजूचा बाबा