वार्सियेमच्या लेकीची पत्रे

लिहून ठेवणार: मी, टिओ स्वान निओ, दिवंगत च्वा इंग ह्वे यांची विधवा, वय वर्षे एकाहत्तर, मुक्काम पेकालोंगान, मध्य जावा. माझी बुद्धी शाबूत आहे. डोळे अधू आहेत आणि डावा गुडघा निकामी आहे, पण मृत्युपत्र त्यांनी लिहायचे नसते. माझ्यावर कोणी दडपण आणलेले नाही. आणावे इतके माझ्याकडे उरलेलेही नाही. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. इतर पुष्कळ लिहिले, त्याचे काय झाले ते पुढे येईल.

कलम १. राहते घर, मागचे अंगण, बाटिकच्या कामाची पडवी आणि विहीर ही सर्व मालमत्ता माझा एकुलता मुलगा च्वा किम लिओंग याला मिळावी. आम्हा चिनी वंशाच्या लोकांनी नावे बदलावीत असे सरकारने सांगितले, म्हणून या वर्षीपासून सरकारदरबारी त्याचे नाव हर्यंतो चोक्रोजाया असे आहे. घराच्या कागदांवर त्याने नवे नाव लावावे, माझी हरकत नाही. माझ्या थडग्यावर मात्र मुलाचे नाव कोरायचे असेल तर जे मी ठेवले तेच कोरावे. ते जमणार नसेल तर जागा कोरी सोडावी.

कलम २. पडवीतले तांब्याचे ठसे, एकूण त्रेसष्ट, ठसेकारागीर दार्सो यांना द्यावेत. त्यांनीच ते घडवले आहेत. दार्सोंचे माझ्यामुळे एक नुकसान झाले आहे. ते त्यांना ठाऊक नाही आणि ठशांनी ते भरून निघणार नाही.

कलम ३. माझा टाइपरायटर कोणालाही देऊ नये, विकू नये. १९६५ च्या नोव्हेंबरात गल्लीतली तीन तरुण मुले दारात आली. "आजी, तीन दिवसांसाठी मशीन द्या ना. कार्यालयाचं काम आहे," असे हसतमुखाने म्हणाली. मी दिले. चौथ्या दिवशी त्यांनी ते पुसून, नवी रिबन घालून आणून दिले. त्यांनी त्यावर कम्युनिस्ट म्हणून पकडायच्या लोकांची यादी केली होती, हे मला महिन्याभराने कळले, तोवर यादीतले बरेच जण नाहीसे झाले होते. त्यानंतर त्यावर मी एक अक्षर उमटवलेले नाही. ते लोजी नदीत टाकावे, पुलाच्या मधोमध उभे राहून, जिथे पाणी खोल आहे.

कलम ४. माझ्या पुस्तकांबद्दल. मी एकतीस कादंबऱ्या लिहिल्या. दर महिन्याला एक गोष्ट छापणारी मासिके सुराबायाहून निघत, त्यांच्यासाठी. सगळ्या आमच्या बोलीत, म्हणजे बाजारात चिनी, जावानी, अरब, डच सगळे एकमेकांशी ज्या मलयमध्ये घासाघीस करतात तिच्यात. डच सरकारच्या ग्रंथ कचेरीने एकदा माझे हस्तलिखित परत पाठवले, 'भाषा हलकी' असा शेरा मारून. स्वातंत्र्यानंतरच्या मास्तरांनीही तीच भाषा अशुद्ध ठरवली. राज्य बदलले, शेरा तोच राहिला.

सगळ्या पुस्तकांवर माझा भाऊ टिओ बुन हॉक याचे नाव आहे. "ताई, तुझं नाव टाकलं तर भावजींच्या गिऱ्हाइकांना काय वाटेल? माझं टाक, नुसतं नाव तर आहे," तो म्हणाला. पुढे लोक त्याला जेवायला बोलावू लागले आणि तो जाऊ लागला. आता त्याच्या थडग्यावर 'लेखक' असे कोरलेले आहे. ते खरवडून काढावे असे मी या कलमात आधी लिहिले होते. खोडते आहे. राहू दे.

एकतीसपैकी एकही पुस्तक आज शिल्लक नाही. त्याच नोव्हेंबरात किम लिओंगने ती मेण वितळवायच्या चुलीत घातली. मी दारात उभी होते.

"आई, घराघरांत तपासणी चाललीये. चिनी नाव असलेलं एक पान सापडलं तरी मला उचलून नेतील."

"या प्रेमकथा आहेत रे, किम."

"वाचणार कोण आहे त्या? नाव बघतील फक्त."

त्याचे खरे होते. नंतर मीच पुस्तके आणून त्याच्या हातात देऊ लागले. या कारणासाठी त्याला कोणी दोष देऊ नये. मी देत नाही. मात्र त्या दिवसापासून आम्ही एकमेकांशी जेवणखाण सोडून काही बोललेलो नाही, हे नमूद करते.

कलम ५. लाकडी पेटीत एक डच पुस्तक आहे. डच असल्यामुळे ते चुलीतून वाचले. त्यावर हेंड्रिक तेर्पस्त्रा यांचे नाव आहे. ते इथल्या डच शाळेत शिक्षक होते. या पुस्तकाची हकीकत सांगितल्याशिवाय पुढची कलमे कोणाला कळणार नाहीत, म्हणून सांगते.

१९२२ साली वार्सियेम नावाची जावानी बाई आमच्या पडवीत कापडावर मेण रेखायला लागली. तिचा हात असा होता की माझे यजमान इतर बायकांना तिच्यामागे बसवून नुसते बघायला लावत. त्याआधी ती साखर कारखान्याच्या डच व्यवस्थापकाकडे बारा वर्षे होती. लग्न नाही, पण घर तिचे, स्वयंपाक तिचा, अंथरूण तिचे. अशा बाईला आमच्याकडे न्याई म्हणतात. त्यांना एक मुलगी झाली, अलेइदा. बापाने तिला कायद्याने आपले नाव दिले, आणि ते दिले की कायद्याने आईचा हक्क संपतो. मुलगी नऊ वर्षांची असताना साहेब निवृत्त झाला आणि तिला घेऊन बोटीवर चढला. वार्सियेमला सेमारांगच्या धक्क्यापर्यंत येऊ दिले. ती तिथे चार दिवस बसून राहिली. बोट पहिल्याच दिवशी गेली होती.

हे तिने मला मेण रेखता रेखता सांगितले, मान वर न करता. शेवटी म्हणाली, "बाई, तुम्ही गोष्टी लिहिता ना? माझी लिहा. इदा तिकडे मोठी होईल, वाचायला शिकेल. कधीतरी तिच्या हाती पडेल."

मी लिहिली, १९३० साली. माणसांची आणि गावांची नावे बदलून. माझ्या एकतीसमधली ती एकच चांगली होती. तिचा शेवट धक्क्यावर होत होता. बाई बसली आहे, हमाल तिच्या भोवतीने पोती नेत आहेत, आणि कोणी तिला ऊठ म्हणत नाही.

तेर्पस्त्रा आमच्याकडे कापड घ्यायला येत. ते मलय वाचत. त्यांनी पुस्तक नेले आणि आठवड्याने परत आले. "भाषा भाजीवालीची आहे, पण आत सोनं आहे. मी डचमध्ये आणतो. आपल्या दोघांच्या नावाने," ते म्हणाले. मग चहा घेता घेता सहज विचारले, "हे खरं घडलेलं दिसतं. कुठला कारखाना? साहेबाचं नाव काय?"

मी सांगितले. कोणी जबरदस्ती केली नव्हती. एक गोरा माणूस माझ्या समोर बसून माझ्या पुस्तकाबद्दल विचारत होता, एवढ्याने मी फुगले. मुलीचे नावसुद्धा मी सांगितले.

दोन वर्षांनी हॉलंडहून छापलेले पुस्तक आले. त्यांनी ते रेशमी फितीने बांधून मला भेट दिले. त्यावर एकच नाव होते, आत खरी नावे होती, आणि शेवटच्या अकरा पानांत न्याई साहेबाच्या कॉफीत विष कालवत होती.

मी शाळेत जाऊन त्यांना गाठले. "साहेब, तिने कोणाला विष घातलं नाही हो. ती नुसती बसून राहिली."

"बाई, नुसती बसून राहिलेली बाई तिकडे कोण वाचणार?" ते म्हणाले. वाईट मनाने नव्हे, समजूत घातल्यासारखे म्हणाले.

त्या पुस्तकातली शेवटची अकरा पाने मी कापून टाकली आहेत आणि तिथे माझा शेवट पेन्सिलीने लिहून चिकटवला आहे, आमच्या बोलीत, जुन्या लिपीवळणाने. ही प्रत जपावी असे मी म्हणत नाही. पुढचे डच वाचणारा मागचे वाचू शकणार नाही, आणि मागचे वाचणारे संपत आले आहेत. फक्त किम लिओंगने ती स्वतःच्या हाताने जाळू नये. वाळवीला द्यावी.

कलम ६. त्याच पेटीत निळ्या दोऱ्याने बांधलेली चोवीस पत्रे आहेत. वरचे एक खरे आहे. ते १९३३ साली हार्लेमहून आले. वार्सियेम दर वर्षी माझ्याकडून लेकीला पत्र लिहून घेई, त्याला बारा वर्षांत आलेले ते पहिले उत्तर. ती हात पुसत धावत आली, मेणाचे बोट पाकिटाला लागले, तो डाग अजून आहे. पत्र डचमध्ये होते. 'तुमच्याबद्दलचे पुस्तक मी वाचले. मी काम करते तिथे सर्वांनी वाचले आहे. पुस्तकातले आडनाव माझेच हे आता त्यांना कळले आहे. मला लिहू नका.' इतकेच.

"काय म्हणतीये? वाचा की बाई!"

मी त्या कागदाकडे बघत म्हणाले, "प्रिय आई, मी खुशाल आहे. इथे फार थंडी असते."

वार्सियेमने कागदाला बोट लावले. "आई म्हणाली?" तिने विचारले. "परत वाचा."

मी परत वाचले. त्याच आठवड्यात मी अलेइदाला सगळे खरे कळवले, पुस्तकातला खोटेपणा कोणाचा आणि चूक कोणाची ते. ते पत्र न उघडता परत आले. पुढच्या वर्षी वार्सियेम टपालवाल्याची वाट पाहू लागली आणि मी दुसरे पत्र लिहिले. मोडक्या डचमध्ये, अक्षर बदलून, म्हणजे तिला हातात धरता यावे. तिकीट हॉलंडहून आलेल्या दुसऱ्या कुठल्या पाकिटावरचे काढून चिकटवी. १९४० पर्यंत अशी चौदा झाली. मग तिकडे जर्मन शिरले, इकडे जपानी आले, टपाल थांबले. १९४७ साली पुन्हा सुरू झाले. आणखी नऊ लिहिली.

त्या नवांत मी अलेइदाचे लग्न लावले आणि तिला मुलगा दिला.

"रंग कसाय त्याचा?" वार्सियेमने विचारले.

"तुझ्यासारखा."

"अरेरे," ती म्हणाली आणि तोंडावर पदर घेऊन हसत सुटली. एवढे हसताना मी तिला त्याआधी कधी पाहिले नव्हते.

१९४८ साली दार्सोंनी तिला मागणी घातली. ते विधुर होते, सभ्य होते, सहा वर्षे तिच्याशेजारी बसून काम करत होते. ती मला म्हणाली, "मन होतं हो बाई. पण इदा लिहितीये, पोराला घेऊन येईन म्हणून. आली आणि आईने दुसरं घर केलेलं दिसलं तर?" येईन हे मी त्या नवांतल्या सातव्या पत्रात लिहिले होते. त्या क्षणी मी बोलू शकले असते. मी म्हणाले, "तुझं तू बघ." तिने दार्सोंना नाही सांगितले.

१९४९ च्या पावसाळ्यात ती छातीच्या आजाराने गेली. शेवटचे दोन दिवस पत्रे उशाला होती. ती तिच्याबरोबर पुरावीत अशी तिची इच्छा होती, पण कफनासोबत काही ठेवता येत नाही असे मौलवी म्हणाले. म्हणून ही तेवीस खोटी पत्रे माझ्या पेटीत, माझ्या पायांशी ठेवावीत. आमच्यात चालते. खरे पत्रही त्यांच्यातच राहू द्यावे.

कलम ७. कपाटात सर्वांत खाली मूल पाठीशी बांधायचे एक लांब कापड आहे. वार्सियेमने ते आठ महिने खपून नातवासाठी रेखले. डच बायकांना आवडतात तसे फुलांचे गुच्छ, काठाला आमची चिनी पाखरे, आणि मधल्या मोकळ्या जागेत तिच्या गावचे तांदळासारखे बारीक ठिपके. मी ते टपालात टाकते म्हणून नेले आणि कपाटात ठेवले. असे काम आता पेकालोंगानात कोणी करत नाही, व्यापारी मागायला येतील. त्यांना देऊ नये. माझ्यानंतर गल्लीत जे पहिले मूल जन्मेल, कोणाचेही असो, त्याच्या आईला ते वापरायला द्यावे आणि हकीकत सांगू नये.

कलम ८. रोख रक्कम माझ्या अंत्यविधीला पुरेल इतकी आहे. माझ्या नावाने कोणी भाषण करू नये.

कलम ९. हे कलम मी चार दिवस लिहायचे टाळले. गेल्या वर्षी, हॉलंडशी टपाल सुरळीत झाले आहे असे ऐकून, मी त्या १९३३ च्या पत्त्यावर पत्र टाकले. तिची आई गेल्याचे कळवणे माझे काम होते, आणि सतरा वर्षे मी ते केले नव्हते. या मार्चमध्ये उत्तर आले. ती जिथे खोली घेऊन राहत होती त्या घराच्या मालकीणबाईंनी लिहिले आहे, सविस्तर आणि मायेने. अलेइदाने लग्न केले नव्हते. १९४५ च्या फेब्रुवारीत, लढाईतल्या शेवटच्या हिवाळ्यात, शहरात खायला उरले नव्हते तेव्हा ती उपासमारीने गेली. वय तेहतीस. म्हणजे माझी शेवटची नऊ पत्रे मेलेल्या मुलीने लिहिली होती.

मालकीणबाईंनी खाली आणखी लिहिले आहे. टपाल बंद असतानाच्या काळात ती संध्याकाळी पत्रे लिहीत असे. तिच्यामागे तशी सहा पत्रे निघाली, चिकटवलेली, पाकिटावर 'आईस' आणि आमच्याच गल्लीचा पत्ता. लढाई संपल्यावर पाठवू म्हणून त्यांनी माळ्यावर ठेवली होती, पण मग जावात गडबड चालू झाली. १९५१ साली घर रंगवताना त्यांनी ती कचऱ्यात दिली. पुढे विचारले आहे: 'महत्त्वाची होती का?'

मी उत्तर दिलेले नाही. माझ्यामागे किम लिओंगने द्यावे: नव्हती म्हणून. बाई म्हाताऱ्या आहेत.

त्या सहा पत्रांत काय होते ते मला लिहिता येईल. तिचे अक्षर मला येते, तिची थंडी, तिची खोली, आईला ती काय म्हणाली असती तेही येते. मार्चपासून रोज सकाळी सुचते. मी ते लिहिलेले नाही आणि लिहिणार नाही.

वर लिहिलेले सर्व मी माझ्या हाताने, भानावर राहून लिहिले. खाडाखोड एका ठिकाणी आहे, कलम ४ मध्ये, आणि ती माझीच आहे. साक्षीदारांनी मला सही करताना पाहिले. मजकूर त्यांना वाचून दाखवलेला नाही, त्यांनी मागितलाही नाही.

सही: टिओ स्वान निओ

साक्षीदार पहिली: नुराइनी, सुईण, राहणार याच गल्लीत. (सही)

साक्षीदार दुसरे: को ग्येम तिक, घड्याळे दुरुस्त करणारे. नवे नाव अजून मिळालेले नाही, म्हणून जुन्याने सही केली आहे. (सही)

पेकालोंगान, सोमवार, १४ ऑगस्ट १९६७