ठिपके माझे, आवाज अन्नपूर्णेचा

मी, हरिदास गोविंदा थूल, वय ७२, निवृत्त चित्रकला शिक्षक, राहणार हिंगणघाट, जिल्हा वर्धा, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दबावाविना हे मृत्युपत्र लिहून ठेवतो. डॉक्टरांचा दाखला सोबत आहे. नजर अधू झाली, कान शाबूत आहेत.

१. राहते घर व बँकेतली ठेव पत्नी अन्नपूर्णेची. तिच्या पश्चात मुलगा अश्वजित व मुलगी मेघा यांची, समसमान. खालून दिवा लागणारे माझे काचेचे टेबल मात्र मेघालाच. तिचा हात चालतो.

२. 'फोडणी' हा माझा ॲनिमेशनपट. त्यात माणूस नाही, झाड नाही. पांढऱ्यावर काळे ठिपके थरथरतात, पळतात, एवढेच. ठिपके मी काढले, आवाज अन्नपूर्णेने दिला. जाम गावच्या बुद्धविहारात दाखवला, तेव्हा चर्रर्र झाले आणि पुढची रांग खोकू लागली. त्याच रांगेतल्या प्रमिलाबाईंनी नाकाला पदर लावला. लाल मिरच्या दिसल्या म्हणाल्या! प्रत्यक्षात ना तेल होते ना मिरची. हिने तापल्या तव्यावर पाणी शिंपडले होते. त्या दिवशीइतका आनंद मला नोकरीत कधी झाला नाही.

३. पुढे अश्वजितने तो आवाज काढून बासरी घातली. "बाबा, लोकायले म्युझिक पाह्यजे," म्हणे. बासरी गोड वाजली, पण कोणी खोकले नाही. मी महिनाभर त्याच्याशी बोललो नाही. तो राग येथे सोडतो. तरी माझ्यामागे पुन्हा बासरी येईल ही धास्ती आहेच. म्हणून चित्रांची मालकी दोन्ही मुलांची, आवाजाची एकट्या अन्नपूर्णेची. तिच्या आवाजाशिवाय चित्र कोठेही दाखवू नये. चित्राशिवाय आवाज वाजवल्यास हरकत नाही.

४. मी गेल्यावर माझ्या पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला भाषणे नकोत. 'फोडणी' लावावी आणि पाण्याचे तांबे भरून ठेवावेत.

साक्षीदार म्हणून सही करायला अन्नपूर्णा हटून बसली होती. "आवाज माहा हाये, मंग माही सही काऊन नाई?" ज्याला मृत्युपत्रातून काही मिळते त्याची साक्ष चालत नाही, असे वकिलांनी समजावले. "बरं, करा मंग तुमीच," म्हणत ती फणकाऱ्याने स्वयंपाकघरात गेली. एवढे सोडले तर आमचे छान चालले आहे.

(सही) हरिदास गोविंदा थूल

साक्षीदार : १. बाबाराव मून (सही) २. नीलेश पाझारे (सही)

हिंगणघाट, ९ फेब्रुवारी २०२५

तळटीप : माझ्या सहीवर लांब फराटा ओढला गेला आहे, ती खाडाखोड समजू नये. सही करताना आतून चर्रर्र आले आणि आम्हा तिघांनाही ठसका लागला. बाबारावांनी आत जाऊन पाहिले. मिरच्या डब्यातच होत्या.