कुदळ, मोटार आणि मामांचा ढोल

मोकोला, इबादान
सोमवार, सकाळ

तीर्थस्वरूप अयानदोकुन मामांस,

भाचा लायीवोला याचा साष्टांग दंडवत. (खरोखर पोट जमिनीला टेकवून घातला आहे, पांढऱ्या झग्याला लाल माती लागली, ती धोबी बघेल.) गुडघा कसा आहे? मामींचा कंदाच्या पिठाचा अमाला अजून तसाच मऊसूत होतो का? इकडे सर्व क्षेम. माझं गाणं जोरात चाललं आहे, नवा कीबोर्ड तर त्याहून जोरात. तुम्ही ढोल काखेत मारून ओयोला निघून गेलात त्याला आठ महिने झाले. तुमच्यावाचून काही म्हणता काही अडलेलं नाही, एवढंच कळवायला हे पत्र. (फोनवरच सांगितलं असतं, पण माझा आवाज ऐकला की तुम्ही फोन ठेवता.)

एक बारीकशी गंमत मात्र झाली. टायरवाल्या ओगुंडेलेंच्या मुलीच्या लग्नात, भर दुपारी, सातशे माणसांसमोर मी नवरीला गाऊन सांगितलं की देवानं तुला देखणा ओको दिला. आता आपल्या भाषेत ओको म्हणजे काय, हे तुम्हीच माझा कान पिळून शिकवलंत: आवाज सपाट ठेवला तर नवरा, शेवटी चढवला तर कुदळ, शेवटी उतरवला तर मोटार, आणि पहिल्यापासून खालीच ठेवला तर भाला. तुम्ही होतात तेव्हा ढोल आधी शब्द त्याच्या चढउतारासकट बोलायचा आणि चाल निमूट त्याच्या मागून जायची. आमच्या कीबोर्डवाल्या आकिनबोदेंना (गृहस्थ सज्जन आहेत, चर्चमध्ये वाजवतात) ओळ संपताना सूर वर न्यायची हौस. त्यांच्यामागे मीही वर गेलो. नवरीला देखणी कुदळ मिळाली. तिची आजी काठी टेकत उभी राहिली आणि ओरडली, "अरे ए गाणाऱ्या, पोरगी सासरी चाललीय की शेतावर?" मांडव पोट धरून हसला. नवरदेवही हसला, आणि मग हसायचा थांबून माझ्याकडे बघत राहिला.

पण मी शिष्य कोणाचा! पुढच्या लग्नात जपून सूर खाली आणला. जरा जास्तच खाली आला. त्या नवरीला मोटार मिळाली, आणि तिची आई गाणं अर्धं टाकून बाहेर बघून आली. (नव्हती.) आता शेतकरी संघानं मला कुदळीचं गाणं म्हणायला मेळाव्याला बोलावलं आहे, मोटारवाल्यांनी दुसरं गाणं स्टँडवर कर्ण्यावरून लावलं आहे, आणि परवा रस्त्यात दोन शिकारी माझ्याकडे बघून फार आशेनं हसले. म्हणजे प्रसिद्धी वाढलीच म्हणायची. लग्नांची बोलावणी तेवढी थांबली. आणि लग्नंच नसली तर माझ्यासारख्यानं गायचं कुठे, हे मला अजून सुचलेलं नाही.

असो. गुडघ्याला जपा. मामींना दंडवत.

तुमचा,
लायीवोला

ता. क. – पुढच्या महिन्याच्या पहिल्या शनिवारी माझं लग्न आहे. मुलगी इबिरोंके, शिवणकाम करते, तोंडानं तिखट आहे. ती म्हणते, "मी कुदळीशी लग्न करणार नाही, आणि मोटारीशी तर मुळीच नाही. मामांचा ढोल भर मांडवात एकदा सरळ 'नवरा' म्हणू दे, मग मी आत पाऊल टाकते." थट्टा करत असेल, असं मला दोन दिवस वाटलं. ती थट्टा करत नाही. लग्नात घरचे सगळे ज्या एकाच कापडाचे कपडे घालणार, त्याच कापडातून तुमच्या मापाचा झगा तिनं शिवून ठेवला आहे.

ता. क. दुसरा – खरं सांगतो, मामा. कीबोर्ड मी नव्या जमान्यासाठी आणला नव्हता. लोक माझ्या गाण्यावर नाचत नसत, तुमच्या ढोलावर नाचत, आणि ते मला बघवेना. चूक माझी. मला तुमची फार आठवण येते.

ता. क. शेवटचा – सोबत पत्रिका. "इबिरोंके व तिचा होणारा ओको" या ओळीकडे नीट बघा. छापणाऱ्यानं शेवटच्या अक्षरावर चढत्या सुराची खूण घातली आहे. चारशे पत्रिका वाटून झाल्या. तेव्हा कागदोपत्री मी कुदळ झालोच आहे. आता मला नवरा करणं तुमच्या हातात आहे.