सिग्नेचे संवाद

९ डिसेंबर, मंगळवार
भोरच्या शाळेत सत्तावीस वर्षं मराठी शिकवलं, पण विद्यार्थिनी पासष्टीची आणि तीही नॉर्वेची — हे पहिल्यांदाच! सिग्ने. तिकडची मोठी नटी. एकोणिसाव्या वर्षी रंगभूमीवर, मग सिनेमे, मग टीव्हीवर बारा वर्षं पोलीस इन्स्पेक्टर. अजून रस्त्यात लोक तिला सलाम ठोकतात म्हणे. इथल्या हिर्डोशी गावात राहिलेल्या परदेशी डॉक्टरणीचा सिनेमा आहे, भूमिका सिग्नेची. तिला बेचाळीस मराठी वाक्यं आहेत. ती तिच्या तोंडी बसवायची, हे माझं काम.

१२ डिसेंबर
काल पाठ केलेलं आज कोरं. शूटिंग हिर्डोशीतल्या रतनबाईंच्या घरात चाललंय. त्या मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "बाई, मडम रोज माजं नाव इचारत्यात. पैल्यांदाच भेटल्यावानी." परदेशी माणूस, नावं अवघड जातात, असं सांगून वेळ मारून नेली. मनात मात्र चरकलेच.

१३ डिसेंबर
तिनेच सांगितलं, इंग्रजीत. आजार आहे, विसरण्याचा. तिकडे भर नाटकात गप्प झाली, तेव्हापासून दोन वर्षं काम नाही. कारण कुणाला कळू दिलेलं नाही. परक्या भाषेत अडखळलं तर कोण संशय घेणार — म्हणून हा सिनेमा घेतला! "हा शेवटचा. एवढा बोलून संपवू दे. दिग्दर्शकाला सांगू नकोस." माझा हात सोडत नव्हती. वचन दिलं.

१६ डिसेंबर
सांगितलं. मीच. जेवणाच्या सुट्टीत दिग्दर्शक शार्दूलला गाठलं. शाळेत आयुष्यभर हेच केलं ना — पोराचं काही बिनसलं की ते कितीही नको म्हणो, पालकांना बोलवायचं. वाटलं, वाक्यं कमी करेल, फळ्यावर लिहून समोर धरेल. "बरं झालं सांगितलंत, मॅडम," म्हणाला. किती नम्र मुलगा!

१७ डिसेंबर
बेचाळीसच्या बेचाळीस वाक्यं गेली. डॉक्टरीण आता पहिल्यापासून खाटेवर. बोलायचं ते तिच्या नर्सने, मुंबईच्या नटीने. सिग्नेने फक्त पडून राहायचं.
संवादांची पानं तिने माझ्यापुढे टाकली. "पंचेचाळीस वर्षं बोलून पोट भरलं मी!" मग माझ्याकडे वळून — "कोणी सांगितलं असेल त्याला?" रतनबाई तिच्या पायांवर गोधडी घालत होत्या. मला तेवढंही सुचलं नाही.

१९ डिसेंबर
सकाळी ओट्यावर बसून सगळं कबूल केलं. आधी तिला समजलंच नाही. समजल्यावर हात काढून घेतला. "तुझ्याशिवाय कुणालाच सांगितलं नव्हतं मी." एवढंच. रडली. मीही रडले.
परतताना एसटीत छाती हलकी वाटत होती. लिहायची लाज वाटते, पण वाटत होती.

२० डिसेंबर
आज हसतच आली. शेजारी बसली, माझा हात हातात घेतला. "सौदामिनी, त्याला कोणी सांगितलं असेल?"
मी म्हटलं, कुणास ठाऊक.