मामाच्या पलंगाची चार तिकिटं

रिचमंड, कॅलिफोर्निया
३ मार्च १९४३

प्रिय वेंडलमामा,

हे बघ, माझ्या जुळ्या भावांनी तुझी कवळी चरबीच्या डब्यात टाकली, यात माझा काय दोष? मी इथे दोन हजार मैलांवर जहाजाच्या पत्र्यांचं वेल्डिंग करतोय. आणि तू लिहितोस, "तूच शिकवलंस त्यांना!" आणि चरबीपासून दारूगोळा बनतो म्हणून खाटकाने तो डबा सरकारजमा केला, म्हणजे तुझे दात आता थेट बर्लिनवर पडणार. गावात एवढा मान कुणाला मिळालाय? पण तेवढ्यावरून लाइल-मर्लना महिनाअखेरीच्या गाडीने हल्डामावशीकडे नेब्रास्काला कायमचं धाडायचं, हे मला मुळीच पटलेलं नाही.

पलंगाचं मात्र कबूल. गेल्या उन्हाळ्यात थिएटरवाला म्हणाला, लढाईसाठी भंगार आणा, कार्टून फुकट बघा. आम्ही तिघांनी तुझा पितळी पलंग ढकलगाडीवर घालून नेला. चार तिकिटं मिळाली, चौथ्यावर तुलाच नेलं. पडद्यावर लोखंडी टोप घातलेला गाढवमामा "दिवे विझवा!" ओरडत गल्लोगल्ली पळतोय, आणि भाच्यांनी, त्या तीन शिंगरांनी, पेटता कंदील त्याच्याच शेपटीला बांधलाय! तू स्वतः हवाई हल्ल्याचा पहारेकरी, तसलाच टोप मांडीवर घेऊन बसलेला, आणि हसता हसता खुर्चीतून घसरलास. "काय बिनडोक मामा आहे!" म्हणालास. मर्ल म्हणाला, "घरी चल, मग सांग." घरी गादी जमिनीवर. पट्टा काढून आमच्यामागे अंगणात तीन फेऱ्या मारल्यास, चौथीला धापा टाकत पायरीवर बसलास, आणि ती शेपटी आठवून पुन्हा फिसकन हसलास. मार राहिलाच.

इथे सगळे विचारतात, घर का सोडलंस? मी म्हणतो, पायाला भिंगरी. तूही तेच समजतोस. पण त्या ऑगस्टात स्वयंपाकघरात तू भेटीला आलेल्या मावशीला म्हणालास, "दोघांचं कसंही निभावीन गं, तिघांचं नाही जमायचं." मी जिन्यात उभा होतो. माझी शाळा सातवीपर्यंतच, पण तिनातून एक गेला की दोन उरतात, एवढं येतं मला. ते दोघं तुझ्यापाशी राहावेत म्हणून मी निघालो. आता त्यांनाही धाडलंस, तर मी उगाच गेलो, मामा. हवं तेवढं ओरड त्यांच्यावर, पण त्यांना गाडीत बसवू नकोस. त्यांच्या जेवणाखाणाचं मी दर महिन्याला पाठवीन. या महिन्याचे सोबत आहेत, बावीस डॉलर.

तुझाच,
ऑरिन